टँकमध्ये नायट्राइट वाढलंय? कंडिशनर किती, मीठ किती आणि नक्की काय करायचं

नवीन टँक लावून दोन-तीन आठवडे झालेत, पाणी एकदम नितळ दिसतंय, वास नाही काही नाही, आणि तरी मासे फिल्टरच्या धारेखाली गोळा होऊन वरवर तोंड मारतायत, ही तक्रार घेऊन दुकानात गेलात की बहुतेक वेळा हातात निळ्या पाण्याची छोटी बाटली पडते. अँटी-क्लोरीन. टाका दहा थेंब, होईल बरोबर. नाही होणार, कारण त्या बाटलीत बहुतेक वेळा सोडियम थायोसल्फेट असतं, म्हणजे जुन्या फोटो स्टुडिओतला हायपो, आणि ते क्लोरीन मारतं, नायट्राइटला हातसुद्धा लावत नाही. नायट्राइट म्हणजे माशांच्या घाणीतून निघणाऱ्या अमोनियाचं बॅक्टेरिया जे करतात ते, माशांना विषारी; पुढे दुसरे बॅक्टेरिया त्याचं बरंच कमी घातक नायट्रेट करतात.

म्हणून हे सगळं एकदा सविस्तर लिहितोय. माझं मत आधीच सांगून टाकतो म्हणजे पुढचं वाचायला सोपं जाईल: नायट्राइट वाढलं की पहिलं पाणी बदल, दुसरं मीठ, आणि तिसऱ्या नंबरला कंडिशनर, म्हणजे नळाचं पाणी माशांसाठी तयार करणारं बाटलीतलं औषध. लोक उलट्या क्रमाने जातात, आणि महागडी बाटली संपवूनही मासे जातातच.

आधी नायट्राइटच आहे का ते बघा

मासे वर येऊन तोंड मारतायत याची कारणं तीन-चार असू शकतात. पाण्यात ऑक्सिजन कमी असेल तर त्रास पहाटे जास्त दिसतो, खास करून झाडं असलेल्या टँकमध्ये, आणि एअर पंप लावला की थोड्या वेळात मासे खाली जातात. नायट्राइट असेल तर एअर पंप जोरात चालू आहे, बुडबुडे येतायत, तरी मासे वरच. कारण पाण्यात ऑक्सिजन आहे पण माशाच्या रक्ताला तो घेता येत नाहीये. नायट्राइट कल्ल्यांमधून रक्तात शिरतं आणि हिमोग्लोबिनचं मेटहिमोग्लोबिन करून टाकतं, त्याला ऑक्सिजन धरताच येत नाही. रक्ताचा रंग चॉकलेटी होतो. मासा बाजूला आला आणि कल्ल्याची झाकणं उघडबंद करताना आतला भाग दिसला तर लालचुटुक ऐवजी तपकिरी दिसतो. अमोनियात सहसा उलटं असतं, कल्ले लाल, सुजल्यासारखे. पण फिकट माशातच हे नीट कळतं, त्यामुळे डोळ्यांवर भरवसा ठेवून थांबू नका, टेस्ट करा. आणि गुरामी, फायटर वगैरे वरची हवा घेणारे मासे आहेत म्हणून ते सुरक्षित असं समजू नका, हवा कुठूनही घेतली तरी ती वाहून न्यायला रक्तच लागतं.

टेस्ट

स्ट्रिपपेक्षा थेंबांचा किट घ्या. थोडा महाग पडतो पण वर्षभर पुरतो. एपीआयच्या किटमध्ये ५ मिली टँकचं पाणी नळीत घ्यायचं, नायट्राइटच्या बाटलीचे ५ थेंब टाकायचे, झाकण लावून हलवायचं आणि ५ मिनिटं थांबायचं. आकाशी निळा आला तर शून्य, जांभळट होत गेला तर वाढलंय, गडद जांभळा म्हणजे धावपळ करायची वेळ.

इथे लोक दोन-तीन ठिकाणी गडबडतात. थेंब टाकताना बाटली तिरकी धरली तर थेंब लहानमोठे पडतात, ती सरळ उभी उलटी धरायची. नळीचं झाकण हरवलं म्हणून अंगठा लावून हलवतात, तसं नको, बोटाचं काही ना काही पाण्यात जातंच आणि ते केमिकल अंगाला लागावं असंही नाही. आणि रंग ट्यूबलाइटखाली बघू नका, टँकच्या निळ्या-गुलाबी एलईडीखाली तर अजिबातच नको, खिडकीपाशी जाऊन पांढऱ्या कागदासमोर नळी धरा. निळा आणि फिकट जांभळा यातला फरक दिवसाच्या उजेडातच कळतो.

रंग चार्टच्या टोकाला पोचला, म्हणजे ५ पीपीएम (लिटरला ५ मिलिग्रॅम) दिसतंय, तर खरा आकडा ५ असेल किंवा १५ पण असेल, ते कळत नाही. मग एक भाग टँकचं पाणी आणि चार भाग आरओचं किंवा डिस्टिल्ड पाणी असं मिसळून परत टेस्ट घ्या आणि आलेल्या आकड्याला ५ ने गुणा. अजून एक, काही किट नायट्राइट दाखवतात तर काही नायट्राइट-नायट्रोजन दाखवतात. दुसऱ्या प्रकारचा असेल तर त्याचा आकडा ३.३ ने गुणल्यावर पहिल्यासारखा होतो. दोन मित्र दोन वेगळे किट घेऊन भांडतात ते बऱ्याचदा यामुळेच.

माझा अंदाजपंचे हिशोब असा: ०.२५ पर्यंत लक्ष ठेवा आणि खाणं कमी करा, ०.५ च्या आसपास आलं की पाणी बदला, १ च्या वर गेलं तर आजच्या आज, उद्यावर ढकलू नका. मुरलेल्या टँकमध्ये शून्यच यायला पाहिजे.

नायट्रेटची टेस्ट मात्र या दिवसांत फार मनावर घेऊ नका, तो किट नायट्रेटचं आधी नायट्राइट करूनच मोजतो, त्यामुळे पाण्यात आधीच नायट्राइट असलं की नायट्रेटचा आकडा फुगलेला येतो.

आपला टँक खरंच किती लिटरचा

सगळे डोस लिटरवर आहेत, त्यामुळे इथे चुकलं की पुढे सगळंच चुकतं. एक घनफूट म्हणजे २८.३ लिटर. आपल्याकडे सगळ्यात जास्त विकला जाणारा २ बाय १ बाय १ फुटाचा टँक म्हणजे कागदावर ५६ लिटर, पण तळाला दोन इंच खडी, वरून दीड इंच रिकामं सोडलेलं, हे वजा केलं की हातात ४५ च्या आसपास उरतात. खाली सगळीकडे हाच ४५ लिटरचा टँक धरतोय आणि नायट्राइट २ पीपीएम आलंय असं समजू.

पाणी बदल

पाण्यात मुरलेलं नायट्राइट बाहेर काढायचा ताबडतोबीचा मार्ग हाच. अर्धं पाणी बदललं की २ चं १ होतं, परत अर्धं बदललं की ०.५. एकदम ९० टक्के बदलायच्या भानगडीत पडू नका, सकाळी अर्धं आणि संध्याकाळी अर्धं केलं तर माशांनाही झेपतं. आपल्या टँकला एका वेळी २२ लिटर लागतील, म्हणजे साधारण दीड बादली.

"पाणी बदललं तर बॅक्टेरिया जातील, सायकल (टँकमध्ये हे बॅक्टेरिया जमून बसण्याचा काळ) लांबेल" हे ऐकून लोक हात बांधून बसतात. चांगले बॅक्टेरिया पाण्यात तरंगत नसतात, ते स्पंजवर, खडीवर, काचेवर चिकटलेले असतात. आणि त्यांना जेवायला ०.५ नायट्राइटसुद्धा पुरतं. तेव्हा बिनधास्त बदला, फक्त खडी उपसून काढू नका आणि त्याच दिवशी फिल्टर धुवू नका.

पाणी सारख्या तापमानाचं पाहिजे. एप्रिल-मे मध्ये गच्चीवरच्या टाकीचं दुपारचं पाणी हाताला चटका देणारं असतं, ते थेट घातलं तर नायट्राइट राहिलं बाजूला, मासे उकाड्यानेच जातील. सकाळी लवकर भरून ठेवा.

कंडिशनर: कोणता, किती, कधी

दुकानात कंडिशनर म्हणून जे काही मिळतं त्यात ढोबळमानाने तीन प्रकार. पहिला नुसता क्लोरीन मारणारा, वर सांगितलेला. दुसरा क्लोरीन आणि अमोनिया दोन्ही बघणारा. तिसरा, ज्याच्या लेबलवर नायट्राइटचं नाव स्पष्ट लिहिलेलं असतं, आपल्याकडे यातला सगळ्यांना माहीत असलेला म्हणजे सीकेमचा प्राइम. विकत घेताना लेबल वाचा, "पाणी सुरक्षित करतं" असल्या गोल गोल वाक्यावर जाऊ नका, नायट्राइट शब्द दिसला पाहिजे.

प्राइमचा नेहमीचा डोस २०० लिटरला ५ मिली, म्हणजे ४० लिटरला १ मिली. आपल्या ४५ लिटरला १.१ मिली झाला. टोपणाने मोजत बसू नका, मेडिकलमधून १ मिलीची साधी सिरिंज आणा, सुई काढून टाका, काम फत्ते. नळाचं पाणी थेट टँकमध्ये ओतणार असाल तर डोस अख्ख्या टँकचा घ्यायचा आणि पाणी ओतायच्या आधी टाकायचा. बादलीत तयार करून ओतणार असाल तर बादलीपुरताच, २० लिटरला अर्धा मिली. मात्र नायट्राइटसाठी म्हणून टाकताय तेव्हा बादलीपुरतं चालणार नाही, अख्ख्या टँकचाच हिशोब.

नायट्राइट वाढलेलं असताना इमर्जन्सीत पाचपट डोसपर्यंत जाता येतं असं कंपनी सांगते, पण माझं म्हणणं दुप्पटीवर थांबा, कारण हे कंडिशनर ऑक्सिजन ओढणारे असतात आणि आपले मासे आधीच श्वासासाठी झगडतायत. काहीही डोस टाका, एअर स्टोन फुल चालू ठेवा. बाटली उघडल्यावर सडक्या अंड्यासारखा वास येतो, तो तसाच असतो, माल खराब झालेला नाही.

कंपनीच्या म्हणण्याप्रमाणे असर २४ ते ४८ तास टिकतो. म्हणजे आज टाकला आणि निवांत झोपलात असं नाही, नायट्राइट दिसतंय तोवर दर एक-दोन दिवसांनी परत. आणि टाकल्यावर टेस्ट घेतली तर आकडा तेवढाच दिसेल, कारण दावा नायट्राइट निरुपद्रवी करण्याचा आहे, काढून टाकण्याचा नाही. मग असर झाला हे ओळखायचं कसं? खरं सांगायचं तर किटने ओळखता येत नाही. नायट्राइटवर हे नेमकं कसं काम करतं ते रासायनिकदृष्ट्या नीट समजलेलं नाही असं खुद्द कंपनीच म्हणते. म्हणूनच मी त्याला तिसऱ्या नंबरवर ठेवलंय. क्लोरीनसाठी डोळे झाकून वापरा, नायट्राइटसाठी जोडीला असू द्या, पण एकट्यावर विसंबून राहू नका.

मीठ, ज्याचा विचार कोणी करत नाही

दहा रुपयांत होणारं काम आहे आणि हे कसं चालतं ते चांगलं माहीत आहे. कल्ल्यांमध्ये क्लोराइड आत ओढून घेणाऱ्या पेशी असतात, नायट्राइट त्याच दाराने घुसतं. पाण्यात क्लोराइड भरपूर असलं की नायट्राइटला जागाच मिळत नाही, ते पाण्यात असूनसुद्धा रक्तात फारसं जात नाही. मत्स्यशेतीवाले तलावात हेच करतात, पोतीच्या पोती मीठ टाकतात.

किती टाकायचं? नायट्राइटच्या वजनाच्या निदान १० पट क्लोराइड पाहिजे, मी २० पट धरतो. मिठात ६० टक्के क्लोराइड असतं, त्यामुळे १० लिटरला १ ग्रॅम मीठ टाकलं की पाण्यात साधारण ६० पीपीएम क्लोराइड येतं. २ पीपीएम नायट्राइटला हे ३० पट झालं, पुरेसं. ५ पीपीएम असेल तर १० लिटरला २ ग्रॅम करा. आपल्या २ पीपीएमवाल्या ४५ लिटरच्या टँकला म्हणजे ५ ग्रॅम, सपाट एक चहाचा चमचा, बस एवढंच. मगभर टँकच्या पाण्यात विरघळवून फिल्टरच्या धारेत हळूहळू ओता.

साधं स्वयंपाकघरातलं मीठ चालतं, आयोडीनचं असलं तरी या प्रमाणात काही होत नाही. खडेमीठ असेल तर उत्तमच, फक्त चमच्याने न मोजता वजन करा. काळं मीठ नको. "माझ्याकडे कॉरी (तळाशी फिरणारे छोटे मासे) आहेत, त्यांना मीठ चालत नाही" किंवा "झाडं मरतील" असं लगेच कोणीतरी म्हणतंच, पण आपण टाकतोय ते ०.०१ टक्के. आजारावर जे मीठ टाकतात ते याच्या दहा ते तीस पट असतं, ती भीती तिथली आहे.

मीठ उडून जात नाही, हे लक्षात ठेवा. पाणी आटलं म्हणून भर घातली तर त्यात मीठ नाही टाकायचं. पाणी बदललं तर जेवढं काढलं तेवढ्यापुरतंच परत टाकायचं, अर्धं पाणी बदललंत तर अर्धा चमचा.

आणि एक गोष्ट फार महत्त्वाची. फिल्टरमध्ये झिओलाइट, म्हणजे अमोनिया शोषणारे ते पांढरे-करडे खडे टाकलेले असतील तर मीठ टाकण्याआधी ते बाहेर काढा. मिठातलं सोडियम त्या खड्यांवर जाऊन बसतं आणि धरून ठेवलेला अमोनिया पाण्यात सोडून देतं. नायट्राइटवर इलाज करता करता अमोनियाने मासे जायचे. तसेही ते खडे नायट्राइट शोषत नाहीत.

पुढचे काही दिवस

पहिले दोन दिवस खाणं बंद. मासे दोन दिवस उपाशी राहून मरत नाहीत, घरातल्या आजींना हे पटवणं जरा अवघड जातं पण पटवा. नंतर दिवसाआड, चिमूटभर, मिनिटभरात संपेल एवढंच. लाइट कमी ठेवा, माशांची पकडापकडी करू नका, त्यांच्यात पळायची ताकद नसते. मीठ आणि पाणी बदल झाल्यावरही मासे लगेच ताजेतवाने होत नाहीत, खराब झालेलं हिमोग्लोबिन परत नीट व्हायला एक-दोन दिवस जातात, तेवढ्यात घाबरून अजून चार औषधं ओतू नका.

मिथिलीन ब्लूबद्दल विचारतात. रक्तातल्या या बिघाडावर ते खरंच उपयोगी आहे, पण मुख्य टँकमध्ये टाकलंत तर फिल्टरमधले बॅक्टेरियाही मारतं आणि आपण परत शून्यावर. अगदीच आडवा झालेला मासा असेल तर वेगळ्या टबात, नाहीतर नाही.

रोज एकाच वेळेला टेस्ट घ्या आणि आकडा कालनिर्णयवर त्या त्या तारखेखाली लिहून ठेवा. नायट्राइट हळूहळू उतरत नाही, बरेच दिवस हटून बसतं आणि मग दोन-तीन दिवसांत झपकन खाली येतं. कारण अमोनियाचं नायट्राइट करणारे बॅक्टेरिया आधी जमतात आणि नायट्राइटचं नायट्रेट करणारे मागून रमतगमत येतात. गोड्या पाण्याच्या टँकमध्ये हे दुसरं काम मुख्यतः नायट्रोस्पिरा करतात असं १९९८ मध्ये दाखवलं गेलं, त्याआधी सगळे नायट्रोबॅक्टरचं नाव घ्यायचे आणि बॅक्टेरियाच्या काही बाटल्यांवर अजूनही तेच छापलेलं असतं. नव्या टँकला हे सगळं बसायला चार ते सहा आठवडे सहज लागतात.

लवकर करायचं असेल तर बाटलीतल्या बॅक्टेरियापेक्षा कुणा मित्राच्या जुन्या, निरोगी टँकमधला मळका स्पंज मागून आणा. ओल्या पिशवीत, त्याच पाण्यात, तासाभरात घरी आणून फिल्टरमध्ये कोंबा. दिसायला घाण दिसतो, पण त्याच्याइतकं उपयोगी दुसरं काही नाही.

आकडा महिनाभर हललाच नाही तर पाण्याचा केएच, म्हणजे कार्बोनेटची क्षारता, तपासा. या बॅक्टेरियांना काम करताना पाण्यातले बायकार्बोनेट लागतात, एक ग्रॅम अमोनिया-नायट्रोजन संपवताना सात ग्रॅमच्या आसपास क्षारता खर्च होते. मुंबईचं तलावांचं पाणी मुळातच मऊ, त्यात केएच कमी, मग पीएच घसरतो आणि ६ च्या आसपास आला की बॅक्टेरिया जवळपास संपावर जातात. बोअरच्या पाण्यावाल्यांना हा प्रश्न सहसा येत नाही. उपाय सोपा, १०० लिटरला ३ ग्रॅम खायचा सोडा टाकला की केएच एक डिग्रीने वाढतो, दिवसाला एकच डिग्री वाढवा, घाई नको. पण आधी अमोनिया तपासा, कारण पीएच वर गेला की तोच अमोनिया जास्त विषारी होतो. कायमचं हवं असेल तर स्वच्छ धुतलेले शिंपले जाळीच्या पिशवीत घालून फिल्टरमध्ये ठेवा. आणि पाणी गढूळ दिसतंय म्हणून तुरटी फिरवायची सवय असेल तर ती टँकपुरती सोडा, तुरटी हीच क्षारता खाऊन टाकते.

जुन्या टँकमध्ये अचानक का वाढतं

सहा महिने सगळं सुरळीत आणि एक दिवस जांभळा रंग. मग मागच्या आठवड्यात काय झालं ते आठवा. फिल्टरचा स्पंज नळाखाली पांढरा होईपर्यंत धुतला का? स्पंज नेहमी टँकमधून काढलेल्या पाण्यात दोनदा पिळायचा, बास. सोसायटीची टाकी धुतली का? ब्लीचिंग पावडर टाकून टाकी धुतात आणि पुढचे एक-दोन दिवस नळाला उग्र वास येतो, पावसाळ्यात तर पालिकेचं पाणीही कधी कधी तसंच असतं. त्या दिवसांत पाणी बदलणं टाळा, टाळता येत नसेल तर कंडिशनरचा डोस दुप्पट. अँटिबायोटिक टाकलं होतं का, एकदम आठ नवे मासे आणले का, सजावटीच्या किल्ल्यामागे एखादा मासा मरून पडलाय का, हेही बघा.

आणि लाइट जाणं. गावाकडे किंवा निमशहरी भागात चार-पाच तास लाइट गेली की फिल्टरमधलं पाणी थांबतं, बॅक्टेरियांना ऑक्सिजन मिळत नाही. बंद डब्याचा कॅनिस्टर असेल तर लाइट आल्यावर लगेच चालू करू नका, आत साचलेलं कुजकं पाणी ओतून द्या, मग लावा. बॅटरीवर चालणारा एअर पंप आणि साधा स्पंज फिल्टर ही जोडी अशा घरात महागड्या कॅनिस्टरपेक्षा कामाची.

नायट्राइट आणि अमोनिया दोन्ही सलग आठवडाभर शून्य आले की मीठ परत टाकणं थांबवा, पाणी बदलत जाल तसं ते आपोआप निघून जाईल. कंडिशनरही मग फक्त नळाच्या पाण्यापुरता. नवीन मासे आणायचे असतील तर एका वेळी दोन-तीनच, आणि पुढच्या तीन-चार दिवसांनी एकदा टेस्ट. कुर्ल्याच्या किंवा क्रॉफर्डच्या बाजारात पिशव्यांच्या रांगा बघून हात सुटतो हे माहितीये, पण पंधरा दिवसांनी परत जाता येतं.